शिमिझु मारी

(जन्म १९३६). जपानी आवाज-अभिनेत्री. चित्रकथाकार तेझुका ओसामू यांच्या ‘तेत्सुवान आतोमु’ (इंग्रजीत ‘ॲस्ट्रो बॉय’) या मालिकेतील यंत्रबालक आतोमुचा आवाज ही त्यांची मुख्य ओळख. मध्ये खंड पडले, तरी ही एक भूमिका त्यांच्याकडे ४० वर्षे राहिली. जन्म साइतामा प्रांतातील उरावा येथे. वडील चित्रपटांतून कामे करणारे नट होते. जपानी रीतीप्रमाणे येथे आडनाव आधी दिले आहे.

त्यांना ‘ॲनिमेचा (जपानी ॲनिमेशनचा) पहिला आवाज’ म्हटले जाते. हे विधान जपून स्वीकारावे लागते. मासाओका केन्झो यांनी १९३३ च्या सुमारास केलेल्या, बहुधा पहिल्याच जपानी बोलक्या ॲनिमेशनपटात फुरुकावा रोप्पा या विनोदी नटाचा आवाज आहे. १९५८ च्या ‘हाकुजादेन’ या पूर्ण लांबीच्या रंगीत चित्रपटातील सगळी पात्रे मोरिशिगे हिसाया आणि मियागी मारिको या दोघांनीच बोलली आहेत. दूरचित्रवाणीवरही १९६१ पासून काही मिनिटांचे ॲनिमे दाखवले जात होते. मात्र हे कलावंत मुळात रंगमंचाचे आणि पडद्याचे नामवंत होते; आवाज देणे हे त्यांचे प्रासंगिक काम. आठवड्याला अर्ध्या तासाचा भाग या प्रमाणात वर्षानुवर्षे चाललेल्या कथामालिकेचा नायक प्रथम बोलला तो शिमिझु यांच्या आवाजात, एवढे म्हणणे अधिक नेमके ठरेल. ‘पहिल्या’पणाच्या वादापेक्षा हे वेगळेपण महत्त्वाचे आहे.

मुलाच्या भूमिकेसाठी स्त्रीचा आवाज घेण्याची प्रथा कोठून आली, याबद्दल एकमत नाही. काही जण तिचे मूळ नभोनाट्यात शोधतात. दुसरे मत परदेशी मालिकांच्या डबिंगकडे बोट दाखवते. १९५० नंतरच्या दशकात जपानी चित्रपट कंपन्यांनी आपले नट आणि पुढे चित्रपटही दूरचित्रवाणीला देणे बंद केले. रिकामे तास अमेरिकी मालिकांनी भरले गेले आणि त्यांच्या जपानी संवादांसाठी मोकळे होते ते रंगभूमीवरचे नट. आरंभीचे डबिंग प्रक्षेपण चालू असतानाच, थेट केले जाई. चूक झाली तर ती घरोघरी ऐकू जायची. अशा कामात लहान मुलांचा भरवसा धरणे कठीण होते, त्यातच १९४७ च्या श्रमकायद्याने मुलांच्या रात्रीच्या कामावर मर्यादा घातली होती. त्यामुळे मुलांचे संवाद तरुण अभिनेत्रींकडे आले. शिमिझु यांच्याच वयाच्या नोझावा मासाको यांनी स्वतःचा अनुभव असाच सांगितला आहे. हे दुसरे मत अधिक पटते, कारण त्यातून प्रथेची गरजही कळते. नभोनाट्याची सवय तिला पोषक ठरली असावी.

‘तेत्सुवान आतोमु’ १ जानेवारी १९६३ रोजी फुजी दूरचित्रवाणीवर सुरू झाली आणि १९६६ च्या अखेरीस १९३ भागांनंतर संपली. ती तयार करणाऱ्या मुशी प्रॉडक्शनने खर्च आणि वेळ वाचवण्यासाठी चित्रांची संख्या फार कमी ठेवली होती. चेहरा स्थिर ठेवायचा आणि फक्त ओठांची दोन-तीन चित्रे आलटून पालटून दाखवायची, ही तेथली नेहमीची युक्ती. जपानमध्ये चित्र आधी आणि आवाज नंतर भरण्याची पद्धत (‘आफुरेको’) रूढ असल्याने नटाला या उघडझापीतच वाक्य बसवावे लागे. चेहऱ्यावर न काढलेला राग, संकोच, आनंद आवाजातूनच उभा करायचा. आतोमु जिवंत वाटतो त्याचे मोठे श्रेय शिमिझु यांना आणि त्याच्या पावलांचा तो विलक्षण ध्वनी घडवणाऱ्या ओनो मात्सुओ यांना द्यायला हवे. शिमिझु यांच्या प्रसूतीच्या काळात काही भागांत तागामी काझुए यांनी आतोमुचा आवाज दिला.

पुढच्या भूमिकाही बहुतांशी मुलांच्या. ‘योकाई निंगेन बेमु’ (१९६८) मधील बेरो हा माणूस होऊ पाहणाऱ्या तीन विचित्र जीवांपैकी सर्वांत धाकटा. ‘जेत्ता मारुसु’ (१९७७) मध्ये त्या पुन्हा यंत्रबालक झाल्या. पहिल्या आतोमुतील प्राध्यापक ओचानोमिझु या पात्राला आवाज देणारे कात्सुता हिसाशी याही मालिकेत त्यांच्यासोबत होते. १९८०–८१ च्या ५२ भागांच्या रंगीत ‘आतोमु’तही नायकाचा आवाज त्यांचाच.

मूळ चित्रकथेनुसार आतोमुचा जन्म ७ एप्रिल २००३ चा. त्याच सुमारास नवी मालिका सुरू झाली, तेव्हा शिमिझु यांनी भूमिका सोडली आणि ती त्सुमुरा माकोतो यांच्याकडे गेली.