दंड भरला, गाडी सुटली. पण गुन्हा मिटला का?

तहसील कचेरीच्या आवारात विनापरवाना वाळू नेताना पकडून आणलेले ट्रॅक्टर उभे असतात. ट्रॉलीतली ओली वाळू वाळून पांढरी पडते, पावसाळ्यानंतर तिच्यावर गवतही उगवतं. मालक येतो तो एकच प्रश्न घेऊन: "भाऊसाहेब, गाडी सोडवायला किती भरावे लागतील?" पैसे भरले की विषय संपला, ही समजूत इतकी मुरली आहे की तिचा उगम तपासायलाच हवा.

पैसे घेऊन खटला टाळण्याची पद्धत जंगलखात्यात जुनी आहे. १९२७ च्या भारतीय वन कायद्याच्या कलम ६८ ने वनाधिकाऱ्याला किरकोळ गुन्ह्यात भरपाई घेऊन माणसाला सोडण्याचा अधिकार दिला. मूळ कायद्यात त्या भरपाईची कमाल मर्यादा होती ५० रुपये. लहान अपराधासाठी माणसाला कोर्टाच्या फेऱ्या नकोत, हा त्यामागचा विचार मला आजही योग्य वाटतो.

खनिजांसाठी केंद्राचा कायदा १९५७ चा. त्यात १९७२ च्या दुरुस्तीने कलम २३-अ आलं. कोर्टात तक्रार करण्याचा अधिकार ज्या अधिकाऱ्याला आहे, तोच सरकारजमा होणारी रक्कम ठरवून तडजोड करू शकतो. खटला भरण्याआधी किंवा नंतरही. तडजोड झाली की या कायद्याखालची कारवाई थांबते, आरोपी अटकेत असेल तर लगेच सुटतो. फक्त दंडाची शिक्षा असलेल्या गुन्ह्यात कमाल दंडापेक्षा जास्त रक्कम घेता येत नाही. कैदेची शिक्षा असलेल्या गुन्ह्यांसाठी या कलमात तशी मर्यादाच नाही.

खनिजाची बेकायदा वाहतूक आणि साठवणूक स्पष्टपणे या कायद्याच्या कक्षेत आली ती १९९९ मध्ये. खाणीत पकडायला जावं तर माणसं पळालेली असतात; रस्त्यावर भरलेली गाडी मात्र सापडते. पुढे २०१५ मध्ये शिक्षा २ वर्षांवरून ५ वर्षांपर्यंत गेली आणि दंड हेक्टरी ५ लाखांपर्यंत. तडजोडीचं कलम जागेवरच राहिलं.

महाराष्ट्रात या सगळ्याला आणखी एक पदर आहे, आणि गोंधळ होतो तो इथेच. तहसीलदार बहुतेकदा गाडी पकडतात ती जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ खाली. विनापरवाना खनिजाला बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड लागतो, तो वेगळा. वाहन सोडवायला जातमुचलका आणि त्यावर ठरलेली रक्कम: २०१८ च्या नियमांनुसार ट्रॅक्टर-ट्रॉलीला १ लाख, डंपरला २ लाख, खोदाई यंत्राला साडेसात लाख. हा महसुली दंड आहे. फौजदारी गुन्ह्यातली तडजोड ही निराळी गोष्ट, तिचा कायदा निराळा. पावती हातात पडली की मालकाला दोन्ही एकच वाटतात.

तडजोडीचे पैसे भरले की गुन्हा मिटतो का, हा प्रश्न मध्य प्रदेशातल्या उज्जैनच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयात गेला. खाण निरीक्षकांनी ट्रॅक्टर-ट्रॉल्या पकडल्या, जिल्हाधिकाऱ्यांनी तडजोडीला मंजुरी दिली, मालकांनी पैसे भरून गाड्या नेल्या. नंतर वर्तमानपत्रांतल्या बातम्या वाचून तिथल्या न्यायदंडाधिकाऱ्यांनी स्वतःहून पोलिसांना गुन्हा नोंदवायला सांगितलं. 'आता पुन्हा गुन्हा कसा?' असं मालकांचं म्हणणं होतं. नदीतली वाळू सरकारच्या मालकीची, ती परवानगीशिवाय नेणं ही चोरीसुद्धा आहे, हे २०१४ मध्येच दिल्लीच्या संजय प्रकरणात ठरलं होतं. उज्जैनच्या या प्रकरणात, ३ डिसेंबर २०२० च्या जयंत निकालात, न्यायालयाने पुढचा उलगडा केला: तडजोडीने खनिज कायद्याखालचा खटला संपतो, चोरीचा संपत नाही. नुसता दंड भरून अशा लोकांना सुटू देऊ नये, हेही न्यायालयाने बजावलं.

हे बजावणं फार आधी व्हायला हवं होतं. वाळू उपशाने विहिरी आटलेल्या गावाला दंडाच्या रकमेतून पाणी परत मिळत नाही, आणि पहाटे पकडला जातो तो बहुधा रोजावरचा ड्रायव्हर.

१ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेतलं चोरीचं कलम तिच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेत ३०३ झालं आहे. पावती दाखवली तरी पोलिसांना ते लावायला अडचण नाही.