काष्ठवायू चूल
काष्ठवायू चूल : लाकडातून सुटणारा ज्वलनशील वायू वरच्या तोंडाशी वेगळ्या हवेत जाळणारी, डब्याच्या घडणीची सुटी चूल. पदभ्रमणात व वनभोजनात वापरतात.

लाकूड तापले की त्याच्या वजनाचा सुमारे तीन-चतुर्थांश भाग वायू व बाष्परूपाने बाहेर पडतो. तीन दगडांच्या चुलीत त्यातला काही न जळताच निसटतो. डोळ्यांना झोंबतो तो हाच धूर. या चुलीत दुहेरी भिंतीच्या डब्यात ढलप्या भरून त्या वरून पेटवतात. तळच्या भोकांतून हवा मोजकीच येते, त्यामुळे अपघटनाचा (उष्णतेने लाकूड फुटून वायू सुटण्याचा) थर सावकाश खाली सरकतो. भिंतींमधून तापत चढलेली हवा काठालगतच्या भोकांतून आत शिरते आणि तेथे वायू पेट घेतो. ज्योती लाकडातून नव्हे, भोकांतूनच फुटल्यासारख्या दिसतात. शेवटी कोळसा उरतो. तो धुमसत राहिल्यास कार्बन मोनॉक्साइड हा विषारी वायू सुटतो, म्हणून ही चूल तंबूत पेटवू नये.

जनकत्वाबाबत मतभेद आहेत. अमेरिकेतील टॉमस रीड यांनी १९८५ च्या सुमारास हे तत्त्व मांडले, असे सामान्यतः मानतात. नॉर्वेचे पॉल वेंडेल्बो यांनी युगांडात स्वतंत्रपणे अशीच चूल घडवली, असाही पक्ष आहे. रीड जैवभारापासून (लाकूड, काडीकचरा यांसारख्या सेंद्रिय इंधनापासून) वायुनिर्मितीच्या शास्त्रातून या कल्पनेकडे आले, हे पाहता दोन वेगळ्या वाटा मानणे अधिक सयुक्तिक ठरते. लॅरी विनिआर्स्की यांच्या १९८० च्या दशकातील रॉकेट चुलीशी हिची गल्लत होते. तीत वायू वेगळा न काढता एल आकाराच्या उष्णतारोधी नळीत सरपण आडवे सारत जातात.

जैवभार चुलींच्या भारतीय मानकात (आयएस १३१५२, २०१३) नैसर्गिक हवेच्या चुलीस किमान २५ टक्के, पंख्याच्या चुलीस ३५ टक्के औष्णिक कार्यक्षमता (इंधनाच्या उष्णतेपैकी भांड्याला मिळणारा वाटा) अपेक्षित आहे.

इंदूरकरांच्या जानापाव, चोरल, पाताळपाणीच्या सहली बहुधा पावसाळ्यातल्या. ओल्या काटक्यांवर ही चूलही धुरकटतेच. कोरड्या ढलप्या घरूनच न्याव्या लागतात, आणि भरलेला डबा संपेपर्यंत वरून सरपण घालण्याची सोय नाही. सदावर्ताचा शिधा घेऊन स्वतः रांधणाऱ्या नर्मदा परिक्रमावासीला वेचलेल्या मूठभर काटक्यांत खिचडी होण्याइतकी ती पुरेशी आहे. माळव्याच्या दाल-बाफल्यांचे मात्र अर्धेच काम तिच्यावर भागते : दाल शिजते, बाफले (कणकेचे गोळे) उकडून निघतात, भाजायला पुन्हा कंड्यांचा (गोवऱ्यांचा) आरच लागतो.