‘क्षितिज’चा ज कुठे गेला?

माझ्या पुतण्याचे नाव क्षितिज. एका परीक्षेच्या ऑनलाइन अर्जात त्याने ते मराठीत भरले आणि प्रवेशपत्रावर छापून आले ‘क्षिति’, पुढे काळ्या हिऱ्यात पांढरे प्रश्नचिन्ह. घरात तर्क सुरू झाले. कोणी म्हणाले फॉन्ट बिघडला, कोणी म्हणाले मराठीचे संगणकावर असेच होते. मी कागद-पेन्सिल घेऊन बसलो आणि पाच मिनिटांत हिशेब लागला. बाइट म्हणजे संगणकाच्या स्मृतीचे छोटे माप, ० किंवा १ अशा आठ बिटांचे. नाव २१ बाइटांचे होते, रकाना २० बाइटांचा. शेवटच्या ‘ज’चे तीन बाइट होतात, त्यांपैकी दोन आत मावले आणि तिसरा दाराबाहेर राहिला. उरलेल्या दोन तुकड्यांचे काय करायचे हे छापणाऱ्या प्रोग्रॅमला कळेना, म्हणून त्याने तो हिरा छापला.

ज्याने हा रकाना बांधला त्याने प्रोग्रॅममध्ये ‘कॅर’ (इंग्रजीत char) लिहून पुढे आकडा टाकला असणार. त्याच्या मनात होती वीस अक्षरे, आणि यंत्राला कळले वीस बाइट. हा तीन-चार ध्वनींचा छाटलेला शब्द प्रोग्रॅमिंगच्या पहिल्या आठवड्यात शिकवला जातो, ‘कॅर म्हणजे एक अक्षर’ असे वहीत लिहून घेतले जाते, आणि ती ओळ आयुष्यभर डोक्यात राहते. इंग्रजीपुरते तिच्यावर निभावते, मराठीत मात्र ती चुकीची ठरते.

‘कॅर’ हे कॅरेक्टरचे आखूड रूप. इंटिजरचे ‘इंट’ झाले, कॉन्स्टंटचे ‘कॉन्स्ट’, तसेच हे. हा शब्द आला त्या काळी प्रोग्रॅम टेलिटाइप या टंकयंत्रासारख्या यंत्रावर लिहीत. मॉडेल ३३ नावाचे प्रसिद्ध यंत्र सेकंदाला फक्त १० खुणा छापत असे, त्यामुळे प्रत्येक वाचलेले अक्षर म्हणजे वाचलेला वेळ. युनिक्स या संगणक-प्रणालीत फाइल तयार करण्याच्या आज्ञेतून ‘क्रिएट’चा शेवटचा ‘ई’सुद्धा गाळलेला आहे. उच्चारावर आजही एकमत नाही. कोणी ‘चार’ म्हणतात, कोणी ‘कार’, कोणी ‘कॅर’. मी ‘कॅर’ म्हणतो, कारण मूळ शब्द तसा आहे. ग्रीकमध्ये त्या मूळ शब्दाचा अर्थ कोरलेली किंवा ठशाने उमटवलेली खूण. ‘खूण’ हाच अर्थ आपण धरून ठेवला असता तर बरे झाले असते. आपण त्याला ‘अक्षर’ म्हणालो आणि घोटाळा तिथे सुरू झाला.

या शब्दाचा जन्म कसा झाला ते पाहण्यासारखे आहे. अमेरिकेतल्या बेल लॅब्ज या संशोधनसंस्थेत केन थॉम्पसन यांनी ‘बी’ नावाची भाषा बनवली होती. तिच्यात माहितीचे वेगवेगळे प्रकार नव्हतेच. प्रत्येक गोष्ट म्हणजे यंत्राच्या स्मृतीतला एक पूर्ण कप्पा. मजकूर कप्प्यांत दाटीवाटीने भरायचा आणि त्यातली अमक्या क्रमांकाची खूण हवी असेल तर एका फंक्शनला, म्हणजे ठरलेले काम करणाऱ्या प्रोग्रॅमच्या तुकड्याला, हाक मारायची. त्या फंक्शनचे नाव होते ‘कॅर’. मग पीडीपी-११ हे यंत्र आले, ज्यात प्रत्येक बाइटला स्वतःचा पत्ता होता. १९७१ मध्ये डेनिस रिची यांनी ‘बी’त सुधारणा करायला घेतली आणि बाइटाएवढी वस्तू ठेवण्यासाठी ‘कॅर’ हा प्रकार आणला. त्यातूनच पुढे ‘सी’ भाषा उभी राहिली. म्हणजे ‘कॅर’ची मोजपट्टी पहिल्यापासून यंत्राच्या बाइटाची आहे. १९८९च्या प्रमाण ‘सी’ने तर ते नियमातच बांधले: ‘कॅर’चा आकार नेहमी १, आणि त्यात किमान ८ बिट.

इंग्रजी अक्षर त्यात मावते कारण १९६३ साली ठरलेल्या अ‍ॅस्की तक्त्यात, म्हणजे खुणांना क्रमांक देणाऱ्या यादीत, एकूण १२८च खुणा आहेत आणि त्यांना ७ बिट पुरतात. अक्षर, बाइट आणि कॅर एकाच मापाचे दिसतात तो निव्वळ योगायोग आहे.

याच ‘कॅर’मध्ये आणखी एक खाच आहे. आठ बिटांत ० ते २५५ असे आकडे धरायचे की उणे १२८ ते १२७, हे ‘सी’ भाषेने ठरवलेच नाही. ते कंपायलरवर, म्हणजे प्रोग्रॅमचे यंत्राच्या भाषेत रूपांतर करणाऱ्या साधनावर, सोडले. इंटेल घराण्यातल्या संगणकांवर ‘कॅर’ बहुधा उणे आकडे धरतो, एआरएम प्रोसेसरवरच्या लिनक्समध्ये बहुधा धरत नाही. आता समजा, एखाद्या विद्यार्थ्याने फाइल संपेपर्यंत एकेक बाइट वाचणारा प्रोग्रॅम लिहिला. वाचणारे फंक्शन ० ते २५५ यांपैकी आकडा देते आणि फाइल संपली की सहसा उणे १ देते. त्याने हे उत्तर ‘इंट’ऐवजी ‘कॅर’मध्ये ठेवले. जेपीईजी चित्राचा पहिलाच बाइट २५५ असतो. उणे धरणाऱ्या ‘कॅर’मध्ये तो २५५ उणे १ होऊन बसतो आणि प्रोग्रॅम पहिल्याच पावलावर ‘फाइल संपली’ म्हणून थांबतो. तोच प्रोग्रॅम दुसऱ्या यंत्रावर नेला तर उणे १ कधी दिसतच नाही आणि तो थांबायचे नाव घेत नाही. दोन्ही ठिकाणी प्रोग्रॅमची ओळन् ओळ तीच असते.

आता ज्या गोष्टीसाठी मी हा लेख लिहायला घेतला तिच्याकडे येतो. मराठी अक्षर आठ बिटांच्या कॅरमध्ये बसते कसे?

युनिकोड या तक्त्यात जगातल्या लिप्यांच्या खुणांना क्रमांक दिले आहेत. देवनागरीचा मुख्य गट २३०४ ते २४३१, म्हणजे १२८ जागा. ‘क’चा क्रमांक २३२५. हा आकडा एका बाइटात मावत नाही. मग सरळ सगळ्यांनाच दोन किंवा चार बाइट द्यावेत? तसे केले तर आधीच्या सगळ्या इंग्रजी फाइली निरुपयोगी होतात, आणि मजकुराच्या मधोमध शून्य बाइट येऊ लागतात. ‘सी’ भाषेत शून्य म्हणजे मजकूर संपला, त्यामुळे जुने प्रोग्रॅम तिथेच थांबणार. १९९२च्या सप्टेंबरमध्ये केन थॉम्पसन आणि रॉब पाइक न्यू जर्सीतल्या एका उपाहारगृहात जेवायला बसले होते, तिथे ताटाखालच्या कागदावर थॉम्पसन यांनी एक रचना मांडली. तिचे नाव यूटीएफ-८. तीस वर्षांनंतरही मला तिच्याइतके सुबक काही संगणकशास्त्रात क्वचितच दिसते.

नियम एवढाच. बाइट ० ने सुरू झाला तर तो एकटा, जुन्या अ‍ॅस्कीतला. ११० ने सुरू झाला तर दोन बाइटांचा म्होरक्या, १११० ने झाला तर तिघांचा, ११११० ने झाला तर चौघांचा. म्होरक्याच्या मागून येणारा प्रत्येक बाइट १० ने सुरू होतो. उरलेल्या बिटांत क्रमांक भरायचा.

‘क’ करून पाहू. २३२५ द्विमान पद्धतीत १००१०००१०१०१. तीन बाइटांच्या साच्यात ४ + ६ + ६ अशा १६ जागा मोकळ्या असतात, म्हणून डावीकडे शून्ये लावून तुकडे पाडायचे: ००००, १००१००, ०१०१०१. पहिल्यापुढे १११० आणि बाकी दोघांपुढे १० लावले की झाले १११०००००, १०१००१००, १००१०१०१. दशमान आकड्यांत २२४, १६४, १४९. ‘क’ची स्मृतीतली मूर्ती ही.

हाच हिशेब २३०४ पासून २४३१ पर्यंत केला तर एक गंमत दिसते. पहिला बाइट प्रत्येक वेळी २२४, आणि दुसरा १६४ किंवा १६५. सगळी मराठी, ओव्यांपासून बातम्यांपर्यंत, यंत्राच्या दृष्टीने ‘२२४, १६४, काहीतरी, २२४, १६५, काहीतरी’ अशा चालीवर चालते. बिघडलेल्या मराठी पानावर डोक्यावर फराटा असलेला रोमन ‘ए’ आणि चार टोकांचे छोटे वर्तुळ पुन्हापुन्हा येते, मधूनच येनचे चिन्ह डोकावते, ते आपण सगळ्यांनी पाहिले आहे. त्याचे कारण हेच. जुन्या पाश्चात्त्य तक्त्यात २२४ म्हणजे तो ‘ए’, १६४ म्हणजे ते वर्तुळ, १६५ म्हणजे येन. मजकूर शाबूत असतो, फक्त वाचताना चुकीचा तक्ता लावलेला असतो.

या रचनेचा मला सर्वांत आवडणारा गुण असा: मजकुरात डोळे मिटून कुठेही उडी मारा, आपण कुठे आहोत ते लगेच कळते. बाइट १० ने सुरू होत असेल तर आपण एखाद्या खुणेच्या पोटात उतरलो आहोत. फार तर तीन पावले मागे गेलो की म्होरक्या सापडतो. एखादा बाइट हरवला तर एकच खूण बिघडते, पुढचा मजकूर सावरतो. एका खुणेचे बाइट शोधताना ते दोन शेजारच्या खुणांच्या सांध्यावर चुकून सापडत नाहीत, कारण म्होरक्या आणि मागचे कधीच एकसारखे दिसत नाहीत. क्षितिजचे नाव कापणाऱ्या प्रोग्रॅमने कापण्याआधी ‘पुढचा बाइट १० ने सुरू होतो का’ एवढे विचारले असते तर तो हिरा छापलाच गेला नसता. नाव मात्र तरीही अर्धेच राहिले असते.

इथे एक गोष्ट स्पष्ट लिहायला हवी. ‘संस्कृत ही संगणकासाठी सर्वोत्तम भाषा असल्याचे नासाने मान्य केले’ असा संदेश वर्षानुवर्षे फिरतो आणि देवनागरी लिपीलाही त्याच्या शेपटाला बांधले जाते. त्यामागे रिक ब्रिग्ज या संशोधकाचा १९८५ सालचा एक लेख आहे. तो नासाच्या एका केंद्रात काम करत होता. संस्कृत वैयाकरणांनी वाक्यार्थाची केलेली फोड कृत्रिम बुद्धिमत्तेतल्या ज्ञानाच्या मांडणीशी कशी जुळते, हा त्याचा विषय. लेख वाचण्यासारखा आहे; त्यात नासाचा कुठलाही निर्णय नाही आणि लिपीचा तर संबंधच नाही. प्रोसेसरला ‘क’ही कळत नाही आणि रोमन ‘ए’ही. त्याला २२४, १६४, १४९ कळतात. खोट्या गौरवाच्या संदेशांपेक्षा आपले नाव प्रवेशपत्रावर पूर्ण छापले जावे हा आग्रह मला जास्त महत्त्वाचा वाटतो.

इतर प्रोग्रॅमिंग भाषांनी ‘कॅर’चे काय केले ते थोडक्यात सांगतो. १९९६ साली आलेल्या जावाने ‘कॅर’ १६ बिटांचा केला, कारण तेव्हा ६५,५३६ जागा साऱ्या जगाला पुरतील असे वाटत होते. त्या पुरल्या नाहीत. युनिकोडचा तक्ता आज ११,१४,११२ जागांचा आहे, आणि हसऱ्या चेहऱ्याच्या एका इमोजीला जावात दोन ‘कॅर’ लागतात. रस्टने ‘कॅर’ला चार बाइट दिले. गो भाषेने शब्दच टाकून दिला आणि बाइटला ‘बाइट’, खुणेला ‘रून’ म्हटले. मला ही प्रामाणिक वाटणी वाटते. डेटाबेसमधला ‘कॅर’ आणखी वेगळा: तिथे तो ठरावीक लांबीचा रकाना, नाव छोटे असेल तर उरलेली जागा मोकळ्या खुणांनी भरणारा.

पण चार बाइट दिले तरी मराठी अक्षर हाती लागत नाही. ‘क्षितिज’ युनिकोडमध्ये असे साठते: क, पायमोडी, ष, पहिली वेलांटी, त, पुन्हा वेलांटी, ज. सात खुणा, प्रत्येकी तीन बाइट, म्हणून २१. आपण वाचतो तीन अक्षरे: क्षि, ति, ज. तिन्ही आकडे बरोबर आहेत, प्रत्येक वेगळ्या प्रश्नाचे उत्तर आहे. शब्द उलटा करण्याचा सोपा प्रोग्रॅम लिहून त्याला हे नाव द्या. सात खुणा उलट्या क्रमाने लावल्या की तयार होते ‘जितिष्क’. वेलांट्या शेजारच्या अक्षरांवर जाऊन बसल्या, पायमोडीने ष आणि क जोडले, आणि कोणत्याही शब्दकोशात नसलेला पण दिसायला अगदी शुद्ध शब्द निघाला. मराठी वाचकाला हवा होता ‘जतिक्षि’.

वाचकाला एक वाटणारा घटक कुठे सुरू होतो आणि कुठे संपतो याचेही युनिकोडमध्ये नियम आहेत. तिथेही आपले जोडाक्षर बराच काळ तुटत होते; ‘क्’ वेगळा आणि ‘षि’ वेगळा धरला जाई, म्हणजे ‘क्षितिज’ चार घटकांचा. २०२३च्या सप्टेंबरमध्ये आलेल्या १५.१ या आवृत्तीत देवनागरीसह काही भारतीय लिप्यांच्या जोडाक्षरांसाठी नवा नियम आला आणि ‘क्षि’ एक झाला. जुन्या नियमावर लिहिलेले प्रोग्रॅम अजून वापरात आहेत, म्हणून एकच मजकूर दोन ठिकाणी वेगळा मोजला जातो.

मराठीची एक खास गोष्ट राहिली. ‘दर्या’ म्हणजे समुद्र, ‘दऱ्या’ म्हणजे डोंगरांमधल्या. पहिल्यात र, क्रमांक २३५२. दुसऱ्यात ऱ, क्रमांक २३५३. पुढची पायमोडी आणि य दोन्हीकडे तेच. एका आकड्याच्या फरकाने रफार डोक्यावर चढतो किंवा पापणीसारखा आडवा होतो. त्यातही ऱ दोन प्रकारे लिहिता येतो: २३५३ ही एक खूण, किंवा २३५२ आणि पुढे नुक्ता (अक्षराखालचा ठिपका) अशा दोन. पडद्यावर दोन्ही हुबेहूब सारखे दिसतात, बाइट मात्र तीन विरुद्ध सहा. दोन्ही रूपे आधी एकसारखी करून न घेता शोध घेतला तर समोर दिसणारी ‘दऱ्या’ सापडत नाही.

क्षितिजच्या प्रवेशपत्राबद्दल आम्ही २१ आणि २०चा हिशेब लिहून पाठवला. दुरुस्त प्रत आली, तिच्यावर ‘ज’ होता. रकाना किती वाढवला ते त्यांनी कळवले नाही. त्याच्या वर्गातल्या एका मुलीच्या नावात तीन जोडाक्षरे आहेत; तिचे प्रवेशपत्र मला एकदा बघायचे आहे.