सयगोटी

सयगोटी : माणसाच्या आठवणी आणि त्यांना चिकटलेल्या भावना शोषून घेणारे एक कल्पित खनिज. नाशिक व सिन्नर परिसरातल्या काळ्या कातळाच्या पोकळ्यांत ते सापडते, असे कल्पिले आहे. जुनी लोकसमजूत म्हणून ते इथे दिलेले नाही. इथल्या खडकाचे खरे गुण थोडे पुढे ताणले तर काय होईल, या विचारातून ते सुचले आहे.

आधी खडक. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी भूपृष्ठाच्या भेगांमधून लाव्हा उसळत राहिला आणि थरावर थर चढून ब्रह्मगिरी, अंजनेरी, पांडवलेण्यांचा डोंगर हे सारे घडले. लाव्हा थिजताना आत अडकलेल्या वायूच्या जागी पोकळ्या राहिल्या. त्यांत झिरपलेल्या ऊन पाण्याने पुढे आपल्यातली खनिजे भिंतींवर सोडली : स्टिल्बाइट, ह्युलँडाइट, स्कोलेसाइट, मेसोलाइट. ही सगळी झिओलाइट गटातली. खाणीत सुरुंग उडाल्यावर कातळ फुटतो, एखादी पोकळी उघडी पडते आणि आत मधोमध आवळलेल्या पेंढीसारखे फिकट नारिंगी स्टिल्बाइट चमकताना दिसते. खडी क्रशरमध्ये जाण्यापासून वाचलेले असे नमुने सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात जवळून पाहता येतात.

झिओलाइटच्या स्फटिकात ॲल्युमिनियम, सिलिकॉन आणि ऑक्सिजनची चौकट असते व तिच्यातून अतिसूक्ष्म वाटा गेलेल्या असतात. या वाटांमध्ये पाणी असते. १७५६ मध्ये स्वीडनचे खनिजतज्ज्ञ क्रोनस्टेट यांनी असा दगड ज्योतीत धरला, तेव्हा तो उकळल्यासारखा बुडबुडला. पाणी निघून गेले तरी बहुतेक झिओलाइटांची चौकट ढासळत नाही. दगड निवला की हवेतला दमटपणा पुन्हा आत शिरतो. पाण्याबरोबर सोडियम, कॅल्शियम यांचे आयन, म्हणजे विद्युतभार असलेले कणही, ये-जा करतात. जे आत आले त्याला जागा देणे आणि स्वतः न मोडणे, हा गुण सयगोटीने झिओलाइटकडूनच घेतलेला आहे.

खडकाला एक खरीखुरी स्मृतीही आहे. लाव्हा निवताना त्यातले मॅग्नेटाइट या लोहखनिजाचे कण त्या काळच्या पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा धरून बसतात. दख्खनच्या बऱ्याचशा थरांत ही दिशा आजच्या उलट आहे, आणि हे थर साचले तेव्हा भारत विषुववृत्ताच्या दक्षिणेला होता, हेही त्यावरूनच कळते. दगड सुमारे ५८० अंश सेल्सिअसच्या वर तापवला की ही नोंद पुसली जाते.

कल्पनेतली ताजी सयगोटी दुधी, अर्धपारदर्शक, आवळ्याएवढी असते. तिच्या एका अंगाला पोकळीच्या भिंतीचा काळा खपला चिकटलेला असतो, आणि तो काढून टाकायचा नसतो. नुसती उशाशी ठेवून ती काही करत नाही. ती तळहातात घट्ट धरून, घडले ते मोठ्याने सांगावे लागते. बोलणे खरे असेल तर दगड हळूहळू ऊन होतो आणि खपल्याकडून मधाच्या रंगाची एक रेघ आत उतरते. अशा रेघा दाटत गेल्या की सयगोटी भरली असे समजायचे.

बोलण्याची ही अट हौसेखातर घातलेली नाही. २००० साली मेंदूचे अभ्यासक करीम नादर आणि सहकाऱ्यांनी उंदरांवरच्या प्रयोगांत दाखवले, की पक्की झालेली भीतीची आठवण पुन्हा जागी केली की काही काळ कच्ची होते आणि तिला नव्याने पक्के व्हावे लागते. त्या वेळी मेंदूतल्या अमिग्डालामध्ये प्रथिने बनणे रोखले, तर ती भीती पुढे क्षीण होते. सयगोटी नेमक्या याच कच्च्या वेळी आपले काम करते. घटनेचा तपशील आणि तिचा भावनिक डंख मेंदू वेगवेगळ्या भागांच्या आधाराने सांभाळतो : तपशिलासाठी हिप्पोकॅम्पस, डंखासाठी अमिग्डाला. म्हणून सयगोटीला दिलेले दुःख मनातून साफ जात नाही. वडील कधी गेले, शेवटी काय म्हणाले, कुणी पाणी पाजले, हे सगळे लेकीला आठवते. फक्त ते सांगताना तिचा श्वास अडकत नाही. आठवणच पुसणारा दगड कल्पिणे सोपे होते, पण तसा दगड कुणी आपल्या माणसाच्या हाती देऊ नये.

असे खनिज नाशिकलाच का सुचावे, याचे कारण या गावाच्या रोजच्या व्यवहारात आहे. गेलेल्या माणसाचे इथे बरेच काही ठेवले जाते. अस्थी रामकुंडात सोडतात. नावे तीर्थोपाध्यायांच्या नामावळीत चढतात. दूरगावचा माणूस आपले गाव नि आडनाव सांगतो आणि पणजोबा कधी येऊन गेले ते चोपडीतून निघते. गौरव तर दगडावरच कोरलेला आहे. पांडवलेण्यांतल्या तिसऱ्या लेण्यात सातवाहन राजमाता गौतमी बलश्रीचा प्राकृत लेख आहे, नातू पुळुमावीच्या राज्याच्या १९व्या वर्षाचा. त्यात ती मुलगा गौतमीपुत्र सातकर्णी याचे पराक्रम सांगते, त्याच्या घोड्यांनी तीन समुद्रांचे पाणी प्यायल्याचे सांगते, आणि त्या बिरुदांच्या रांगेतच तो आईच्या सेवेत कधी चुकला नाही, हेही येते. पराक्रम कुणाही राजकवीने लिहिला असता. हे शेवटचे वाक्य मला आईचेच वाटते. अस्थी, नाव, कीर्ती यांना जागा आहे. उरतो तो दहाव्याहून घरी परतल्यावर छातीवर बसलेला भार, आणि त्याला ठेवायला जागा नाही. सयगोटी ही ती जागा.

भरलेल्या दगडाचे काय करायचे, हा या कल्पनेतला सर्वांत अवघड भाग. शोषलेली वस्तू नाहीशी होत नाही, ती दुसरीकडे जाऊन बसते. चेर्नोबिलच्या दुर्घटनेनंतर आणि २०११ नंतर फुकुशिमात पाण्यातले किरणोत्सारी सीझियम धरण्यासाठी झिओलाइट वापरले. पाणी सुधारले, पण ते झिओलाइटच सांभाळून ठेवण्याची वस्तू झाले. सयगोटीचेही तेच. तापली की ती घेतलेले परत सोडते आणि जवळ असेल त्याला ते लागते, मग तो त्या घरचा असो वा नसो. म्हणून ती चुलीजवळ किंवा वैशाखात उन्हाच्या खिडकीत ठेवत नाहीत. गोदावरीतही टाकत नाहीत, कारण पाण्यातल्या क्षारांशी अदलाबदल करत ती सारे नदीत सोडेल आणि खालच्या घाटावर कुणीतरी ते ओंजळीत घेईल. फार कोरड्या जागीही ती टिकत नाही. लॉमोंटाइट नावाचे झिओलाइट कोरड्या हवेत पाणी गमावून भुगा होते, तशी सयगोटीही भुरभुरते आणि मग तो भुगा गोळा करता येत नाही.

त्यामुळे ती मातीच्या बोळक्यात, ओल्या फडक्यात गुंडाळून आतल्या खोलीच्या कोनाड्यात ठेवायची. घराच्या वाटणीत ती कुणाच्या वाट्याला जाईल, हे ज्याने ती भरली त्यानेच आधी सांगून ठेवायचे असते. तसे सांगितलेले नसेल तर थोरल्याकडे न जाता, ज्याने त्या आजारपणात उशापायथ्याशी रात्री काढल्या त्याच्याकडे ती जाते.