मुंबईतील भाषा

मुंबई शहर व मुंबई उपनगर या दोन जिल्ह्यांत बोलल्या जाणाऱ्या भाषा व बोली. उत्तर कोकणची मराठी ही येथील मूळ लोकभाषा. व्यापार, गोदी, गिरण्या व फाळणी या कारणांनी गुजराती, कच्छी, उर्दू, हिंदी, कोंकणी, तुळू, तेलुगू, तमिळ, सिंधी आदी भाषा तिच्या शेजारी येऊन वसल्या.

प्राचीन पुरावा : परळ येथे मिळालेल्या, शिलाहार राजा दुसरा अपरादित्य याच्या काळातील शिलालेखात (सु. ११८७) संस्कृत मजकुराच्या अखेरीस शापवचन मराठीत आहे. दानाचा भंग करणाऱ्यासाठी असलेली ही धमकी वाटसरूलाही कळावी, हाच त्यामागील हेतू असणार. त्यामुळे परळ बेटावर तेव्हा मराठी समजत होती, असे मानण्यास हरकत नाही. बिंब राजाने माहीम बेटावर कुळे आणून वसवल्याची हकीकत महिकावतीच्या बखरीत येते. हा बिंब बाराव्या शतकातला की यादवांच्या पाडावानंतरचा, म्हणजे तेराव्या शतकाच्या अगदी अखेरचा, याबद्दल अभ्यासकांत एकमत नाही. बखरीतील सर्वांत जुनी प्रकरणे वि. का. राजवाडे यांनी शके १३७० (इ. स. १४४८) च्या सुमाराची ठरवली. घटना व लेखन यांतील हे अंतर पाहता, भाषेच्या इतिहासासाठी कुळांच्या याद्यांपेक्षा बखरीच्या गद्याचाच आधार अधिक भरवशाचा ठरतो.

बेटांवरील मूळ बोली : ग्रीअर्सनच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाच्या मराठीविषयक सातव्या खंडात (१९०५) परभी, कोळी व किरिस्ताव या बोलींची नोंद आहे. यांपैकी शेवटची तेव्हाच्या ठाणे जिल्ह्यातील ख्रिस्ती समाजाची. मुंबई, साष्टी व वसई या भागांतील या समाजाने ‘ईस्ट इंडियन’ हे नाव १८८७ मध्ये, व्हिक्टोरिया राणीच्या सुवर्णमहोत्सवाच्या वर्षी, घेतले. गोवा व मंगळूरकडून आलेल्या ख्रिस्ती लोकांपासून आपण वेगळे आहोत, हे सांगण्याची त्यांना गरज वाटत होती. लग्नातील ‘उंबराचं पाणी’ यासारखे विधी व गाणी यांत ही बोली आजही ऐकू येते. पगार, चावी, बटाटा हे पोर्तुगीज शब्द प्रमाण मराठीतही रुळले असल्याने केवळ शब्दसंग्रहावरून या बोलीचे वेगळेपण सिद्ध करणे योग्य नव्हे; त्यासाठी क्रियारूपेच पाहावी लागतात. गावठाणे व कोळीवाडे यांभोवती इमारती उठत असताना या बोलींचे ध्वनिमुद्रण हे तातडीचे काम आहे.

स्थलांतरितांच्या भाषा : पारशी, भाटिया, लोहाणा, खोजा व मेमन व्यापाऱ्यांबरोबर गुजराती, कच्छी व मेमनी आल्या. मुंबई समाचार हे गुजराती पत्र १८२२ मध्ये, म्हणजे दर्पण (१८३२) या मराठी-इंग्रजी पत्राच्या दहा वर्षे आधी निघाले. कामाठीपुऱ्याचे नाव तेलुगूभाषक कामाठी मजुरांवरून पडले. तमिळ भाषक मुख्यतः धारावी व माटुंगा येथे वसले. तुळू भाषक उडुपी हॉटेलांच्या धंद्यात शिरले. बेने इस्राएल यहुद्यांची घरची भाषा मराठी. सिंधी व पंजाबी भाषकांची मोठी भर १९४७ नंतरची.

जनगणनेतील मांडणी : २०११ मध्ये मुंबईच्या १,२४,४२,३७३ लोकसंख्येत मराठी मातृभाषा सांगणारे सु. ४४ लाख व हिंदी सांगणारे सु. ३६ लाख होते. उर्दू व गुजराती प्रत्येकी १४ लाखांच्या वर. २००१ च्या तुलनेत मराठीचा आकडा किंचित घटला, तर हिंदीचा सु. दहा लाखांनी वाढला. हे आकडे वाचताना वर्गीकरणाची पद्धत लक्षात घेणे अत्यावश्यक आहे. देशभरातून त्या वर्षी मातृभाषांची १९,५६९ नावे सांगितली गेली. छाननीनंतर त्यांच्या १,३६९ मातृभाषा व अखेरीस १२१ भाषा ठरवण्यात आल्या. या क्रमात भोजपुरी, अवधी, मारवाडी व बंजारी हिंदीत जमा होतात. कच्छी सिंधीत जाते, मग तिचे भाषक व्यवहार गुजरातीत करत असले तरी. मालवणीचे स्थान तर सर्वांत अवघड : जनगणना तिला कोंकणीत घालते. ‘खंय’ (कुठे) यासारखी रूपे गोव्याच्या कोंकणीशी जुळतात, हे खरेच. पण लालबाग-परळच्या चाळींतील मालवणी माणूस प्रगणकाला बहुधा ‘मराठी’ असेच सांगतो, म्हणून तो मराठीत मोजला जातो. शेजारच्या खोलीतला ‘मालवणी’ सांगेल, तर तो कोंकणीत. हिंदीच्या वाढीचा अर्थ लावतानाही तिच्यात भोजपुरी-अवधीचा वाटा किती, हा प्रश्न आधी विचारला पाहिजे.

मुंबईची हिंदी : बाजार, गोदी व गिरण्या यांत घडलेली व्यवहारभाषा. ‘मेरेको’, ‘कायको’, ‘अपुन’, ‘आयेंगा’, ‘मैं बोला’ (‘ने’चा लोप) व ‘ऐसाइच’ ही तिची ओळखीची रूपे. महादेव आपटे यांनी १९७४ मध्ये तिचा विचार पिजिनीकरणाच्या (भिन्नभाषकांच्या संपर्कातून भाषेचे व्याकरण सोपे होत जाण्याच्या) दृष्टीने केला. वाद आहे तो उगमाचा. एका मताप्रमाणे ती दखनीची (दख्खनमध्ये रुजलेल्या हिंदी-उर्दूच्या रूपाची) शाखा होय : अवधारणवाचक (शब्दावर जोर देणारा) ‘च’ जुन्या दखनी साहित्यात आढळतो, आणि ‘मेरेको’, ‘कायको’ हैदराबादेतही चालतात. दुसरे मत ती मराठी-गुजराती भाषकांच्या तोंडी घडलेली हिंदी मानते. ‘ऐसा नहीं करनेका’ हा आज्ञार्थ ‘असं नाही करायचं’ याचाच साचा आहे, आणि ‘वांधा’, ‘लफडा’, ‘फुकट’, ‘झकास’ हे शब्द आसपासचेच. मात्र ‘वांधा’सारखा शब्द मराठी व गुजराती दोहोंत असल्याने तो कोणाकडून आला, हे ठरवता येत नाही. दखनीचे ठळक शब्द ‘नक्को’ व ‘हौ’ मुंबईत क्वचितच कानी पडतात. ‘अपुन’ येथे एकवचनी ‘मी’साठीही येते, दखनीतील ‘अपन’ प्रामुख्याने श्रोत्यासह ‘आपण’ या अर्थी. म्हणून दखनीला एकमेव उगम मानणे अडचणीचे आहे. काही रूपे दखनीतून आली असली, तरी ती टिकली शेजारच्या मराठीच्या बळावर, हे मत अधिक ग्राह्य वाटते.

शिक्षण : महानगरपालिकेच्या शाळा मराठी, हिंदी, उर्दू, गुजराती, इंग्रजी, तमिळ, तेलुगू व कन्नड या आठ माध्यमांतून चालतात.