पायदळाची लहान शस्त्रे

एका सैनिकाला, फार तर दोघांना, वाहून नेता व चालवता येतात अशा पिस्तूल, रायफल, कार्बाइन, हलकी मशीनगन इत्यादी बंदुकांना लहान शस्त्रे म्हणतात. विसाव्या शतकातील महायुद्धांत रणांगणावरील बहुतेक जीवितहानी तोफखान्याने केली. तरीही तोफांनी भाजून काढलेली जमीन प्रत्यक्ष ताब्यात घेण्यासाठी रायफलधारी सैनिकालाच पुढे जावे लागले.

लढाईत या शस्त्रांतून झाडलेल्या बहुसंख्य गोळ्या कोणालाही लागत नाहीत, पण म्हणून त्या वाया जात नाहीत. शत्रूला आडोशातून डोके वर काढू न देणे हे त्यांचे पहिले काम होय. तुकडीतील काही जण मशीनगनने मारा चालू ठेवतात, त्या अवधीत उरलेले पुढे सरकतात आणि मग भूमिका बदलतात. मारा क्षणभर थांबला तरी उघड्यावरचे सैनिक सापडतात. दुसऱ्या महायुद्धातील ब्रेन गन या हलक्या मशीनगनचे मॅगझिन, म्हणजे गोळ्यांची पेटी, ३० गोळ्यांचे असल्याने ते बदलणारा सोबती नेमबाजाइतकाच मोलाचा होता.

शेवटच्या काही पावलांत मात्र सारे एकट्या सैनिकावर येते. १० जुलै १९४४ रोजी इटलीत, मराठा लाइट इन्फन्ट्रीचे नाईक यशवंत घाडगे यांची तुकडी जवळून झालेल्या मशीनगनच्या माऱ्यात कोसळली, तेव्हा ते एकटेच त्या मोर्चावर धावले. हातबॉम्ब व टॉमी गन या छोट्या स्वयंचलित बंदुकीने त्यांनी मशीनगन बंद पाडली आणि मॅगझिन बदलायला वेळ नसल्याने नळी धरून बंदुकीच्या दस्त्याने उरलेल्या दोघांना मारले. त्यानंतर शत्रूच्या लपलेल्या नेमबाजांच्या गोळ्यांनी ते धारातीर्थी पडले. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला.

कोल्हापूर संस्थानाची राजाराम रायफल्स ही पलटण विलीनीकरणानंतर याच मराठा लाइट इन्फन्ट्रीत समाविष्ट झाली. शिरोळ तालुक्यातील सैनिक टाकळीसारख्या गावांत फौजेची परंपरा नावातच आहे. तेथील अनेक घरांना रायफलींची पुढील स्थित्यंतरे ऐकून माहीत असावीत.

१९६२ च्या युद्धात भारतीय पायदळाकडे मुख्यतः थ्री-नॉट-थ्री (.३०३ इंची) रायफल होती. तिच्यात प्रत्येक गोळीनंतर बोल्ट, म्हणजे पुढची गोळी आत सरकवणारा दांडा, हाताने ओढावा लागे. पुढे आलेल्या, पुढची गोळी आपोआप भरणाऱ्या ७.६२ मिमी एसएलआर (सेल्फ-लोडिंग रायफल) ने तो खोळंबा संपवला. १९९० च्या दशकातील इन्सास या भारतीय बनावटीच्या रायफलीने ५.५६ मिमीची हलकी गोळी आणली, कारण तेवढ्याच वजनात सैनिकाला अधिक गोळ्या नेता येतात. लांबचा पल्ला आणि गोळीचा जोर यांची गरज मात्र टिकून राहिली, म्हणून २०१९ मध्ये सैन्याने ७.६२ मिमीच्या सिग ७१६ रायफली घेतल्या.