नागलोकातला काळाचा माग

महाभारताच्या आदिपर्वात, पौष्यपर्व म्हणून जो भाग येतो त्यात, हा कापड विणायचा माग आहे. दोन बायका त्यावर काळे आणि पांढरे धागे घालून कापड विणतायत आणि बाजूलाच सहा मुलं बारा आऱ्यांचं एक चाक फिरवतायत, जवळ एक देखणा पुरुष आणि एक घोडा, एवढाच सीन. पाहणारा माणूस एकच, उत्तंक नावाचा शिष्य. काळ विणणारं यंत्र म्हटलं की लोकांना लगेच टाइम मशीन आठवतं, पण हा माग कुणाला मागे नेत नाही, पुढेही नेत नाही.

उत्तंक तिथे पोचला कसा ते आधी सांगायला हवं. त्याचे गुरू वेद नावाचे ऋषी, त्यांच्या बायकोने गुरुदक्षिणा म्हणून पौष्य राजाच्या राणीची कुंडलं मागितली, चौथ्या दिवशी पुण्यक व्रत होतं तेव्हा ती घालायची होती. जाताना वाटेत एक प्रचंड बैल आणि त्यावर बसलेला माणूस भेटला, तो म्हणाला या बैलाचं शेण खा, तुझ्या गुरूंनीही खाल्लंय, मग याने खाल्लं आणि घाईघाईत पुढे गेला. कुंडलं देताना राणीने बजावलं होतं की नागराज तक्षकाचा यांच्यावर डोळा आहे, जपून ने. तरी वाटेत पाण्यापाशी थांबल्यावर कुंडलं जमिनीवर ठेवली आणि क्षपणकाच्या (नग्न भिक्षूच्या) वेषात आलेला तक्षक ती उचलून पळाला, पकडल्यावर नाग होऊन जमिनीतल्या बिळात गेला. उत्तंक काठीने उकरत बसला, जमेना, शेवटी इंद्राने वज्र पाठवून वाट मोकळी केली. म्हणजे ही जागा माणसाने जायची नव्हेच, नंतर गुरू स्पष्टच सांगतात की ते शेण म्हणजे अमृत होतं, म्हणून तू नागलोकात जिवंत राहिलास.

आता मूळ विषय. माग बघितल्यावर उत्तंक त्याला हातही लावत नाही, थेट स्तुती म्हणायला लागतो, आणि त्या श्लोकांत अख्खं कॅलेंडर आहे. चाकात 360 बसवलेत, चाकाला 24 पर्वं आहेत आणि सहा कुमार ते सतत फिरवतायत. 360 म्हणजे वर्षाचे दिवस, 24 म्हणजे पंधरवडे, बारा आरे म्हणजे महिने, सहा मुलं म्हणजे ऋतू. (आपल्या पंचांगातलं चांद्र वर्ष साधारण 354 दिवसांचं आणि सौर वर्ष 365 च्या थोडं वर, 360 हा वैदिक काळापासून चालत आलेला गोल आकडा आहे.) काळे-पांढरे धागे म्हणजे रात्र आणि दिवस, विणणाऱ्या त्या धाता आणि विधाता, पुरुष म्हणजे पर्जन्य आणि घोडा म्हणजे अग्नी, हा उलगडा परत आल्यावर गुरू करतात. एरवी धाता-विधाता पुरुष देव म्हणून येतात, इथे मात्र बायका आहेत, आणि स्तुतीत तर म्हटलंय की त्या धाग्यांबरोबर सगळे जीव आणि सगळी भुवनंच फिरवत असतात.

ही कल्पना महाभारताच्या आधीची आहे. ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलातल्या 164 व्या सूक्तात बारा आऱ्यांचं चाक येतं, त्यावर जोडीजोडीने उभे 720 मुलगे, म्हणजे 360 दिवस आणि 360 रात्री. अथर्ववेदात (10.7.42) तर मागच आहे, दोन वेगवेगळ्या रूपांच्या तरुणी सहा खुंट्यांच्या मागावर विणतायत, एक धागा ओढते, दुसरी बसवते, त्या धागा तोडत नाहीत आणि शेवटालाही पोचत नाहीत. मला वाटतं या मागाचं सगळं मर्म इथे आहे. चाक गोल फिरतं, पण कापड पुढेच सरकत राहतं, तेच ऋतू परत येतात तरी विणलेला पट्टा दुसऱ्यांदा विणला जात नाही. 1949 साली तर्कशास्त्रज्ञ कुर्ट गोडेल यांनी आइनस्टाइनच्या समीकरणांचं एक असं उत्तर काढलं की ज्यात काळाची वाट वळून स्वतःलाच येऊन मिळते, त्या अर्थाचा बंद लूप या मागावर नाही.

बंद लूप आहे तो कथेत, आणि तो माणसांनी व नागांनी मिळून विणलाय. अर्जुन आणि कृष्णाने खांडववन जाळलं, त्यात तक्षकाचं घर गेलं, बायको मेली. पुढे शृंगी या ऋषिपुत्राच्या शापाचं निमित्त होऊन तक्षक अर्जुनाच्याच नातवाला, परीक्षिताला, चावला. आणि उत्तंक काय करतो, तर कुंडलं सोडवून, त्याच घोड्यावरून वेळेत घरी पोचून (गुरुपत्नी वेणीफणी करत याला शाप द्यायच्या विचारात होती) तसाच हस्तिनापूरला जातो आणि परीक्षिताच्या मुलाला, जनमेजयाला, सर्पसत्र (नागांना आगीत जाळायचा यज्ञ) करायला पेटवतो. ज्याने दिवसरात्रीचं विणकाम डोळ्यांनी पाहिलं तोच सूडाचा धागा पुढे ओढतो, हे मला या कथेत सगळ्यात जास्त लागतं. त्याच सत्रात व्यासांचे शिष्य वैशंपायन जनमेजयाला त्याच्या पूर्वजांची कथा, म्हणजे हेच महाभारत, सांगतात, म्हणजे गोष्ट फिरून जिथे ती सांगितली जातेय तिथेच येऊन पोचते. हा फेरा तोडला आस्तीकाने, ज्याची आई नागकुळातली आणि बाप ऋषी, त्याने सत्र थांबवून घेतलं आणि तक्षक वाचला.

उत्तंकाची गोष्ट आश्वमेधिक पर्वात परत येते, पण तिथे गुरू गौतम, गुरुपत्नी अहल्या, कुंडलं सौदास राजाची राणी मदयंती हिची, बरंच बदललंय. नागलोकाचं बीळ आहे, वज्र आहे, घोडाही आहे, माग मात्र नाही. घोड्याची शेपटी तेवढी काळी-पांढरी सांगितलीय. मूळ माग वाचायचा तर पुण्याच्या भांडारकर संस्थेच्या चिकित्सक आवृत्तीत आदिपर्वाचा तिसरा अध्याय काढावा, तो खंड विष्णु सीताराम सुकथनकर यांनी संपादित केला आणि 1933 साली पूर्ण झाला. अध्याय बहुतेक गद्यात आहे, तुटक तुटक, जुन्या वळणाच्या वाक्यांचा, आणि मागाची स्तुती आली की एकदम श्लोक सुरू होतात.